न विचारता काढून घेतलेली दुपार

ताईचं दुकान चपला शिवणाऱ्याच्या आणि चष्मेवाल्याच्या मध्ये, एका अरुंद बोळात होतं. आत दोन खुर्च्या, एक टेबल, कोमट मिठाच्या पाण्याचं पातेलं आणि लोकरीचा तुकडा, एवढाच पसारा. लोकांनी स्फटिकात लपवलेल्या आठवणी काढून देणं हा तिचा धंदा.

लपवणं सोपं होतं. नको झालेला प्रसंग स्फटिक मुठीत धरून बोलायचा आणि ताईने त्या मुठीवर हात ठेवायचा. बोलणं संपलं की तो अख्खा दिवस डोक्यातून जायचा. काढणं मात्र नाजूक. स्फटिक मिठाच्या पाण्यात भिजवायचा, आतला धुरकट ठिपका हलेपर्यंत लोकरीने घासायचा आणि कानशिलाला लावायचा. आठवण आधी ताईला दिसायची, मग ती तळहाताने मालकाच्या कपाळात उतरवायची. त्यामुळे कितीतरी घरांची भांडणं ताईच्या पोटात होती, पण तिच्या तोंडून कधी ब्र निघाला नव्हता. एक गृहस्थ दरवर्षी सासूशी झालेलं भांडण ठेवून जायचे आणि दरवर्षी तेच भांडण नव्या उत्साहाने करायचे. ताई हसायची, पण त्यांना कधी बोलली नाही.

मग तिचा धाकटा भाऊ गेला. मोटरसायकल ट्रकखाली आली.

वडील सुतार होते. धाकटा त्यांच्याच हाताखाली काम करायचा. त्या दुपारी त्याने दाराची फळी चुकीच्या मापाने कापली. वडील भडकले. "तुझ्या हाताला वळण नाही! तोंड दाखवू नकोस मला!" पोरगा तडक निघाला, तो परत आलाच नाही. त्यानंतर वडिलांनी रंध्याला हात लावला नाही. ते अन्नाला शिवत नव्हते. बाकावर बसून एकच पालुपद, "तोंड दाखवू नकोस म्हणालो गं मी." अंगावरचे कपडे ढगळ व्हायला लागले.

एका सकाळी ते असंच पुटपुटत असताना माहेरी आलेल्या ताईने त्यांच्या मुठीत स्फटिक सरकवला आणि वरून आपला हात दाबून धरला. त्यांना कळलंसुद्धा नाही. बोलून झाल्यावर त्यांनी डोळे उघडले आणि म्हणाले, "भूक लागली आहे."

आई स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. तिने सगळं पाहिलं, पण वाढायला घेतलं. नवरा जेवतोय, यापुढे त्या घडीला तिला काही सुचलं नाही.

वडील सावरले. मुलगा अपघातात गेला हे लोकांनी सांगितलं, तेवढंच त्यांना ठाऊक. ते रडले, पण पुन्हा कामाला लागले. ताईला वाटलं, बरं केलं आपण. तरी तो स्फटिक ठेवलेला टेबलाचा खण उघडायची वेळ आली की तिचा हात आखडायचा.

दोन वर्षांनी एक गिऱ्हाईक खिडकीची चौकट न्यायला घरी आलं. बोलता बोलता वडील अभिमानाने म्हणाले, "आमच्या धाकट्याला मी जन्मात आवाज चढवून बोललो नाही." आई हातातला कप तसाच ठेवून आत गेली. ताई तिच्या मागे गेली.

"आई, काय झालं?"

"मी कुणाशी रडू?" आई म्हणाली. "ज्याच्याशी रडायचं, त्याला तू कोरा करून ठेवलंस. ते भांडण मला ऐकू आलं होतं, मी मध्ये पडले नाही. हे मी कुणाला सांगू?"

वडिलांचं ओझं उतरवलं म्हणता म्हणता ते तिने सगळं आईच्या डोक्यावर ठेवलं होतं.

दुसऱ्या दिवशी आई वडिलांना घेऊन दुकानात आली. "अहो, हिने तुमचं काहीतरी ठेवून घेतलंय. मागा."

ताईने खण उघडला. स्फटिक भिजवून घासताना लोकर दोनदा खाली पडली. ठिपका हलला तसा तिने स्फटिक कानशिलाला लावला. भांडण दिसलं, ते तिला माहीतच होतं. पण त्याच्या पुढचं माहीत नव्हतं. पोरगा निघाल्यावर वडील फाटकापर्यंत धावले होते आणि ओरडले होते, "जेवायला ये रे वेळेवर!" आणि त्याने मागे न बघता हात उंचावला होता. तो हातही तिने वडिलांपासून काढून घेतला होता.

तिने ते सगळं त्यांच्या कपाळात उतरवलं. वडील आपल्या हातांकडे बघत राहिले.

"म्हणजे मी हाकललं त्याला," ते म्हणाले. आणि मग, "हात केला होता गं त्याने."

"तुम्ही मरत होतात, बाबा."

"असेन. पण मला विचारायचं होतंस."

"विचारलं असतं तर तुम्ही नाही म्हणाला असतात."

"मग नाही, तर नाही."

ते बायकोचा हात धरून उठले. पुढचे काही दिवस त्यांनी पुन्हा अन्न टाकलं, पण या वेळी आई शेजारी बसून होती. दोघं रडली, एकमेकांवर चिडली, पुन्हा रडली. हळूहळू वडील उठले. रंधा पुन्हा चालू लागला, पण मोठ्या बढाया मारणं बंद झालं.

ताईने आठवणी ठेवून घेणं कायमचं सोडलं. लोक हातापाया पडत, ती फक्त काढून द्यायची. माहेरी गेली की वडील म्हणायचे, "ये, बस," जसं परक्याला म्हणावं. ओरडले असते तर बरं, असं तिला वाटायचं.

एका संध्याकाळी आईवडिलांचा वाद चालला होता, त्या दिवशी धाकट्याचा सदरा कुठला होता यावरून. आई म्हणे करडा, वडील म्हणत निळा. आई ताईकडे वळली, "तू पाहिलंयस ना, सांग."

"तिला नको विचारूस," वडील म्हणाले. "ते तिचं नव्हतं."

ताई मान खाली घालून कप विसळायला गेली. नळाचं पाणी उगाच वाहू दिलं. मागून पावलं वाजली. वडील दारात उभे होते, तिच्याकडे न बघता.

"निळाच होता ना?"

"निळाच, बाबा."

त्यांनी मान हलवली आणि ते बाहेर जाऊन बसले. ताईला हुंदका आला, पण तो तिने गिळला. त्या घरात आधी रडायचा हक्क तिचा नव्हता.