सरकारांचं सीमोल्लंघन

"यंदा नको."

दसरा आठवड्यावर आला की सरकार माझ्या गॅरेजात येऊन हे म्हणायचे. जुन्या टायरवर रुमाल अंथरायचा, त्यावर बसायचं आणि गुडघा चोळत सांगायचं, "यंदा नको, मिस्त्री. फार झालं."

नव्वद सालानंतर तुम्ही कधी उद्यमनगरात गाडी दुरुस्तीला टाकली असेल, तर तुम्हीही त्यांना पाहिलं असेल. कोपऱ्यात चहा पिणारा तो उंच, वाकलेला माणूस एका संस्थानाचा राजा होता, हे सांगूनही गिऱ्हाइकांना पटायचं नाही. संस्थान तरी केवढं? कागलहून आत वळायचं आणि डुलकी लागली तर संपून जायचं, एवढं.

"आठव्या वर्षी गादीवर बसवलं," ते सांगायचे. "पाय जमिनीला टेकत नव्हते. टेकायला लागले तोवर संस्थान विलीन झालं. राज्य केलं म्हणजे काय, तिसरीची परीक्षा चुकवली."

पण गावानं ते विलीनबिलीन मानलंच नाही. दसऱ्याला सरकारांनी वडिलांच्या लांबलचक जुन्या गाडीतून वेशीवर यायचं, आपट्याचं पहिलं पान खुडायचं आणि सगळ्यांनी त्यांच्या हातून सोनं घ्यायचं. ज्यांचं बोलणं बंद असेल त्यांना ते शेजारी उभं करून एकाच डहाळीची पानं देत. पान घेतलं की बोलायचं, असा रिवाज. दिवे लागेपर्यंत सरकार उभे राहायचे बिचारे. परतताना मागच्या सीटवर डोळे मिटून पडत. "दमलो बुवा," एवढंच.

गाडी मीच चालवायचो. ती तरी कुठं तरणी होती! वेशीआधीच्या चढावर हमखास बंद पडायची, मग गाव ढकलायचं. सरकार उतरायला बघत, तर म्हातारे पाटील खिडकीत तोंड घालून ओरडायचे, "बसा की वो आत! तुमी ढकलाय लागला तर आमी काय करायचं?"

एका वर्षी सरकारांचा चेहरा फारच उतरला होता. दोन पायऱ्या चढल्या तरी दम लागे. म्हणाले, "गाडी बंद आहे म्हणून कळवा. तुमचं ऐकतील ते." मी पाटलांना फोन करून सांगितलं, इंजिन खोललंय. साफ खोटं बोललो आणि मला अजिबात वाईट वाटलं नाही. त्या माणसाला एक दिवस तरी निवांत मिळायला हवा होता.

दसऱ्याला सकाळी सरकार घरी सापडू नयेत म्हणून माझ्याकडेच येऊन बसले. आणि दारात ट्रॅक्टर! वर पाटील, हातात दोरखंड.

"गाडी बंद हाय न्हवं? मग वढून न्हेतो की!"

"अहो पाटील, त्यांना बरं नाही. जरा तरी दया करा."

पाटलांचा आवाज एकदम खाली आला. "ठावं हाय रं. पर माझा धाकटा भाऊ चार वर्सं माझ्या दारात आला न्हाय. औंदा पान घेतो म्हनलाय. सरकारांच्या हातनंच."

आत चहाची बशी खाली ठेवल्याचा आवाज झाला. सरकार बाहेर आले, माझ्याकडे बघून हसले. मला त्या हसण्याचा राग आला. "घरून फेटा मागवा," म्हणाले.

हायवेनं ट्रॅक्टरमागं राजाची वरात निघाली. ट्रकवाले हॉर्न मारून हसत होते आणि सरकार प्रत्येकाला हात करत होते. वेशीवर त्यांना उभं राहवेना, म्हणून गाडीच्या मडगार्डला टेकूनच त्यांनी दोघा भावांना पानं दिली.

"कवा आलास?" पाटलांनी भावाला विचारलं.

"मगाशीच."

एवढंच बोलले, आणि पाटील ढसाढसा रडले.

पुढच्या पावसाळ्यात सरकार गेले. दसऱ्याला मी शटर उघडलं तर पुन्हा ट्रॅक्टर उभा. या वेळी वर दोघे भाऊ.

"पाटील, आता पानं कुणाच्या हातून घेणार?"

"त्ये काय ठावं न्हाय. गाडी तर यायला पायजे."

"गाडी चालू आहे. इंजिन नवं केलंय मी."

"असू दे," धाकटा म्हणाला आणि खाली उतरून दोर बांधायला लागला.

मी स्टिअरिंगवर बसलो. सवयीनं आरसा मागच्या सीटकडे वळवला आणि कुणी तरी "यंदा नको" म्हणेल म्हणून उगाच जरा थांबलो. तेवढ्यात दोर ताणला गेला आणि गाडी हलली.