ओहायोत सापडलेले नारोपंत

कोलंबसच्या विमानतळावर उतरलो तेव्हा माझ्या बॅगेत दोन किलो मेतकूट आणि छापखान्यात जायला निघालेलं एक पुस्तक होतं. तिथल्या अधिकाऱ्याने मेतकूट तीनदा हुंगलं. पुस्तकाकडे ढुंकूनही पाहिलं नाही. मराठी लेखकाला परदेशातही घरच्यासारखं वाटावं याची सोय अमेरिकेने चोख ठेवली आहे.

पुस्तक माझे खापरपणजोबा नारोपंत यांच्यावर आहे. आमच्या गावच्या ‘विचारविलास मंडळी’चे ते आधारस्तंभ. दीडशे वर्षांपूर्वी एका अमेरिकन पाद्रीसाहेबाने गावात धर्मप्रचाराचं मासिक काढलं, तेव्हा नारोपंतांनी ‘एक धर्माभिमानी’ या नावाने त्याच मासिकात पत्रं लिहून साहेबाला नामोहरम केलं, असं आमच्या घरात सांगतात. व्याख्यानांतून मीही चाळीस वर्षं तेच सांगत आलो. घरी त्या पत्रांची कात्रणं आहेत. पूर्ण अंक मात्र साहेबाच्या मायदेशी, एका धर्मविद्यालयाच्या ग्रंथालयात. मला मुखपृष्ठासाठी अंकाचा फोटो हवा होता.

भाचा मंदार डब्लिनला (आयर्लंडमधल्या नव्हे, ओहायोतल्याच) राहतो. मला गाडीने तिथे न्यायला त्याने दोन मीटिंगा कॅन्सल केल्या आणि हे मला चार वेळा सांगितलं. मक्याची शेतं संपली की सोयाबीनची लागत, ती संपली की पुन्हा मक्याची. सृष्टिसौंदर्याच्या बाबतीत ओहायो प्रवाशाला उगीच दमवत नाही. ते काम वाटेत खाल्लेल्या बेगलने (मधे भोक असलेला चिवट पाव) केलं. माझी दाढ अजून हलते आहे.

ग्रंथालयात तिथल्या ग्रंथपाल लिंडाबाईंनी हसतमुखाने माझं शाईचं पेन काढून घेतलं आणि हातात पेन्सिल दिली. जुन्या कागदांजवळ शाई चालत नाही म्हणे. मग अंक आले. त्यांना टेकायला मऊ उशी, मला लाकडी खुर्ची. सोबत ‘अज्ञात लिपी’ अशी चिठ्ठी लावलेला एक खोका होता. आतले सगळे कागद उलटे लावलेले. लिपी मोडी होती. मी ते सुलटे केले तेव्हा बाईंच्या चेहऱ्यावर जो आदर उमटला, तसा आमच्या साहित्य संमेलनातही मला कधी लाभलेला नाही.

पहिल्याच कागदावर नारोपंतांचं अक्षर. त्यांच्या घरच्या रोजनिशीवरच मी मोडी शिकलो, त्यामुळे शंकेला जागा नव्हती. धर्माभिमानीच्या पत्राचा कच्चा मसुदा होता तो. मला आभाळ ठेंगणं झालं. कागद उलटला, तर मागे त्या पत्राला पाद्रीसाहेबाने दिलेलं उत्तर. अक्षर तेच, शाई तीच. खाली साहेबाला उद्देशून दोन ओळी: ‘पुढील मासीं धर्माभिमानी यांस आणीक तिखट करूं काय? आज्ञा व्हावी. नारो.’

म्हणजे आमचे धर्मवीर साहेबाच्या पदरी मुनशी होते, आणि मासिकातला वाद दोन्ही बाजूंनी तेच लिहीत होते.

काय लिहिलंय, असं लिंडाबाईंनी उत्सुकतेने विचारलं. “घरगुती सामानाची यादी,” मी म्हणालो. त्यांनी ते विश्वासाने नोंदकार्डावर उतरवलं. त्या इमारतीत मोडी वाचणारा दुसरा कोणी नव्हता. आयुष्यात प्रथमच मला माझ्या विद्वत्तेची लाज वाटली.

बाहेर बाकावर मंदारला सगळं सांगितलं. तो बराच वेळ हसला.

“मामा, पण हे जास्त भारी आहे यार. दोन्ही साइड त्यांनीच ड्राफ्ट केल्या?”

“माझं पुस्तक खोटं ठरतंय.”

“मग रीराइट करा ना. आणि त्या बाईंना खरं सांगून या आधी. मी थांबतो, मीटिंगा तर कॅन्सल केल्याच आहेत.”

पाचव्यांदा ऐकवलंच त्याने. पण मी आत गेलो.

लिंडाबाईंनी माझी कबुली ऐकून घेतली, सामानाची यादी रबराने खोडली आणि त्या जागी लिहायला माझ्याकडून नारोपंतांचं पूर्ण नाव विचारलं. मी एकेक अक्षर सांगितलं. मग वेळ होता म्हणून कागदामागचं साहेबाच्या नावाचं उत्तर वाचायला घेतलं. आमच्या घराने फक्त पत्रं कापून ठेवली होती. उत्तरं कात्रीने ओहायोसाठी सोडून दिली होती. चाळीस वर्षं मी ज्या वादावर व्याख्यानं झोडली, त्याची दुसरी बाजू मी कधी वाचलीच नव्हती. उत्तर शांत होतं, मिश्कील होतं, आणि सांगायला जीव कासावीस होतो, पण पत्रापेक्षा सरस होतं. या माणसाला मी आजवर अर्धाच ओळखत होतो. मला फार वाईट वाटलं, आणि त्याहून जास्त अभिमान वाटला.

परत आल्यावर प्रकाशकांना दोन्ही मजकूर समोरासमोर छापायला सांगितले. ते हबकले. जाहिरात आधीच गेली होती.

“अहो, मग शेवटी जिंकलं कोण म्हणायचं?”

“नारोपंत,” मी म्हणालो. “आणि हरलेही तेच. तसंच छापा.”