वहिनींचं तिसरं काम

पोरींनो, या इकडे, अशा जवळ बसा. टीव्हीवर जाड बाई खाटेसकट कोसळली की एवढं खिदळायचं असतं का? पन्नाशी तुम्हालाही गाठणार आहे, अन् कंबर काही विचारून वाढत नाही. माझ्या शेजारच्या वहिनी असत्या तर तुमच्याशी कडकडून भांडल्या असत्या, अन् मग तुमच्याच मांडीला मांडी लावून पुढचा सिनेमा पाहिला असता. सिनेमावर इतकी रुसलेली आणि सिनेमावाचून इतकी न राहणारी बाई अख्ख्या भिलाईत दुसरी झाली नाही.

भिलाई अजून मध्य प्रदेशात होती तेव्हाची गोष्ट. आमची पोलाद कारखान्याची क्वार्टरं भिंतीला भिंत लागून. वहिनी देहानं ऐसपैस. त्या दारातून आत आल्या की मागून उजेड यायला जरा वेळ लागे. कोणाकडे भाड्याचा व्हिडिओ आला की पहिली सतरंजी त्यांची. पडद्यावर भरल्या अंगाची बाई आली की सगळ्यांना गप्प करत आणि ती खुर्ची मोडते की नाही ते डोळे बारीक करून पाहत. मोडलीच तर ‘सांगतलं होतं ना मी!’ म्हणून रागारागानं चहा ठेवायला उठत, आणि गाणं लागलं की परत येत.

एकदा सुपेल्याच्या बाजारातून भाजी घेऊन परतताना सकाळच्या खेळाचं पोस्टर लागलेलं. तसल्या सिनेमाचं, आम्ही बायका तिथून नजर चोरून जायचो. वहिनी मात्र भर रस्त्यात, सायकली-टेम्पोंच्या मधोमध, पिशवी कमरेला टेकवून उभ्या. पोस्टरवर आमच्याच वयाची, त्यांच्याच अंगाची बाई, पदर ढळलेला. पानठेल्यावरचा एक जण म्हणाला, ‘‘भाभीजी, टिकट दिलवा दूँ?’’

‘‘टिकट नहीं, काम ढूँढ रही हूँ,’’ वहिनी वळूनही न पाहता म्हणाल्या. मग मला, ‘‘पाहा बाई, माह्या अंगाच्या बाईले सिनेमात दोनच कामं. एक तर खुर्ची मोडायची, नाही तं इथं पदर पाडून उभं राहायचं. तिच्याकडं कोणी साधं प्रेमानं पाहून राहिलं, असं तिसरं काम कावून नसते?’’

ते तिसरं काम त्यांना मिळालं गणपतीच्या नाटकात. आमचं मंडळ दरवर्षी त्यांना घसरणारी, धडपडणारी आत्याबाई देई. त्या वर्षी नाटक पन्नाशीच्या जोडप्याचं होतं. वहिनी सेक्रेटरींच्या दारात जाऊन बसल्याच, यातली बायको मीच म्हणून. नायकाची शिफ्ट तालमीला जुळेना, तेव्हा वहिनींचे काडीसारखे यजमान कागद धरून त्याची वाक्यं वाचत. जन्मभर ‘अवो’शिवाय हाक न मारलेला माणूस! ‘तू अजून तशीच दिसतेस’ हे वाक्य आलं की चष्मा पुसायला थांबे.

‘‘वाचा ना! घाबरून कावून राहिले? लिहिलेलंच आहे,’’ असं वहिनी दटावत, आणि स्वतः मानेपर्यंत लाल होत.

प्रयोगाला मी विंगेत प्रॉम्प्टर. वहिनी अंजिरी साडीत आल्या आणि सभागृह हसलं. काही झालंच नव्हतं. त्या आल्या की हसायचं, एवढी सवय. नायकानं ते वाक्य म्हटलं, तर आणखी मोठा हशा. वहिनींचं उत्तर होतं, ‘मग इतके दिवस सांगितलं का नाही?’ मी विंगेतून सांगितलं, पुन्हा सांगितलं. त्यांना ऐकू आलं होतं. त्या क्षणभर समोरच्या लोकांकडे पाहत राहिल्या, आणि मग आत्याबाईची ती जुनी डुलती चाल काढून धप्पकन खुर्चीत बसल्या. टाळ्या थांबेनात.

‘‘मी तशीच उभी राहिली असती तं माह्यावर हसले असते, बाई,’’ आत आल्यावर म्हणाल्या. ‘‘मंग म्हटलं, मीच हसवते.’’ यजमान रुमालानं वहिनींच्या मानेवरची पावडर पुसत राहिले.

पुढच्या वर्षी आत्याबाईचं काम त्यांनी आपणहून मागून घेतलं. मग यजमान रिटायर झाले, क्वार्टर सोडावं लागलं, दोघं लेकाकडे वर्ध्याला गेली. मला राहून राहून वाटतं, त्या रात्री सभागृहात कोणी एकानं नुसतं ‘शूः’ म्हटलं असतं तरी पुरलं असतं.

पोरींनो, हे एवढं लिहून घ्या. वहिनी, हे कोणी तुम्हाला वाचून दाखवलं तर यजमानांना घेऊन या. आमच्या अंगणात दोन खुर्च्या टाकते. नाटकातलं तुमचं ते उत्तर राहिलंय अजून, मला पाठ आहे. त्यांना विचारायचं तर विचारून घ्या, मी आत चहा करते. दिवाळीच्या आत या, हं.