वहिवाट, म्हणजेच रिहे खोऱ्यातलं दोन दिवसांचं मध्ययुग

नीलूचा फोन आला तेव्हा मी मेथी निवडत होते. "शनिवार-रविवार मोकळी आहेस? मध्ययुगीन युरोपातला राजकीय आणि तात्त्विक विचार. मुळशीत." मला वाटलं, रेंज गेली आणि मधली दोन वाक्यं गळली. मुळशीत लोक भजी खायला जातात, धरण बघायला जातात, फार्महाऊसवर एकमेकांच्या तोंडाला केक फासायला जातात. पोपचं आणि सम्राटाचं का बिनसलं हे समजून घ्यायला मुळशीत गेलेला माणूस मी तोवर पाहिला नव्हता.

नीलू माझी कॉलेजपासूनची मैत्रीण. हिंजवडीत नोकरी, हिंजवडीतच बाविसाव्या मजल्यावर घर. तिच्या साहेबांना आपल्या मॅनेजर लोकांचा 'तात्त्विक पाया' पक्का करायची हुक्की आली होती आणि तिथल्या एका रिसॉर्टवरच्या कार्यशाळेत बुक केलेल्यातल्या दोन जागा उरल्या होत्या. एरवी माणशी नऊ हजार, आम्हाला फुकट. फुकट गेलेल्या बाईने तक्रार करू नये असं ज्यांना वाटतं, त्यांनी इथेच वाचणं थांबवावं, कारण पुढे तक्रारच आहे. आम्ही दोघींनी एम.ए.ला पाश्चात्त्य राजकीय विचारांचा पेपर दिला होता. 'राजा कायद्याच्या वर की खाली' यावर मी पुरवण्या जोडजोडून लिहिलं होतं, आणि त्यानंतरच्या तीस वर्षांत तो प्रश्न फक्त सोसायटीच्या सेक्रेटरीला विचारायची वेळ आली. मी हो म्हटलं.

हिंजवडीहून माणमार्गे घोटावडे, तिथून रिहे. अंतर फार नाही, पण सातच्या आत निघा. त्यानंतर कंपन्यांच्या बसेस आणि डंपर रस्ता ताब्यात घेतात आणि उरलेला खड्डे घेतात. मार्चचा पहिला आठवडा होता, भातखाचरं कोरडी पडलेली, कडेची झाडं धुळीने पांढरी. घोटावड्यात टपरीवर थांबलो. चहा पंधरा, वडापाव वीस, दोन्ही उत्तम. नीलूने फोनवर रिसॉर्टचं नाव दाखवलं. टपरीवाल्याने ते वाचायचे कष्ट घेतले नाहीत.

"झगेवाल्यांकडं व्हय? रिह्याच्या फुडं चढ लागंल. डाव्या हाताला किल्ला दिसंल. खोटा हाय, घाबरू नका."

किल्ला खरंच खोटा होता. सिमेंटच्या टोकदार कमानी, दगडाचं चित्र छापलेल्या फरश्या, आणि वेटरांच्या अंगावर मठातल्या साधूंचे तपकिरी झगे, कमरेला सुंभ. पण त्याआधी फाटक लागलं. नवंकोरं, लोखंडी. त्याच्यासमोर पंधरा-वीस शेरडं आणि काठी टेकून उभी असलेली साठीपुढची एक बाई.

"अम्मा, कितनी बार बोला, बकरी अलाउड नहीं है," गार्ड म्हणत होता. कोवळा, घामाघूम, बिहारकडचा असावा.

"तुज्या घरात कोन येतंय? डोहावर पानी पाजून मागारी जातीया."

"मेरी नौकरी जाएगी, अम्मा."

"आन माजी शेरडं?"

तेवढ्यात त्याला आमची गाडी दिसली. त्याने नीलूच्या फोनवरचा कोड टिपला, सलाम केला, फाटक उघडलं. एक शेरडू संधी साधून आत घुसलं, त्याला शिंगाला धरून बाहेर काढलं आणि आम्हाला आत घेतलं. मी खिडकीची काच वर केली. धूळ येत होती, असं मी नीलूला सांगितलं.

सभागृहात आम्ही तीसएक जण. शिकवणारे सर चाळिशीचे, युरोपात बरीच वर्षं काढून आलेले. एक कबूल करते, माणूस सुरेख बोलत होता. धर्माची तलवार आणि राज्याची तलवार, कोणती वरची. राजा देवाखाली आहेच, पण कायद्याखालीही आहे का. ज्याची झळ सगळ्यांना लागते त्याला सगळ्यांची संमती हवी, हे तत्त्व रोमन कायद्यातून उचलून मठांनी, नगरांनी आणि सभांनी कसं वापरलं. मी वहीची आठ पानं भरली. जेवताना ज्वारीची भाकरी 'रस्टिक ब्रेड' या नावाने आली. ती वाढणाऱ्या साधूने दारिद्र्याचं व्रत घेतलं नव्हतं, ते त्याला पगाराबरोबर मिळालं होतं.

दुपारचा विषय खऱ्या साधूंचा. तेराव्या शतकात इटलीत अनवाणी भिक्षूंचा एक पंथ निघाला. ते म्हणाले, आमचं काहीच नाही. अंगावरचा झगा नाही, पायाखालची जमीन नाही, ताटातली भाकरीसुद्धा नाही. आम्ही फक्त वापरतो, मालकी पोपची. बरीच वर्षं पोपांना हे चाललं. मग चौदाव्या शतकात एक कायदेपंडित पोप झाला आणि म्हणाला, ही तुमची मालकी मला नको. जी भाकरी तुम्ही खाऊन संपवता ती तुमची नाही तर कोणाची? मालकी नाही आणि वापर आहे, हे थोतांड आहे. वाद पेटला. हट्ट न सोडणाऱ्या काहींना जाळलं. काही जण जीव मुठीत धरून सम्राटाच्या आश्रयाला पळाले आणि तिथून त्यांनी लिहिलं की वापराचा हक्क मालकीहून जुना आहे, आणि तो विनाकारण हिसकावण्याचा अधिकार पोपलाही नाही.

"म्हणजे सॉफ्टवेअरसारखं," एक मॅनेजर म्हणाला. "ओनरशिप कंपनीची, आपण फक्त युजर." सगळे हसले. उदाहरण चांगलं होतं, मीही हसले.

सरांनी फळ्यावर तो लॅटिन शब्द लिहिला आणि विचारलं, याला मराठीत काय म्हणाल? मालकी नाही, पण पिढ्यान्‌पिढ्यांचा वापर आहे आणि त्या वापराचाच हक्क आहे. 'उपभोग' म्हणाले कोणी. 'लाभ' म्हणाले. 'ॲक्सेस' म्हणाले. सरांनी सगळे खोडले आणि सुस्कारा सोडला. "आपली भाषा इथे जरा गरीब आहे."

मला असा राग आला की विचारू नका. पण तोंड उघडून शब्द द्यावा तर मलाही आठवेना. त्याचा राग अर्थातच जास्त.

रविवारी सकाळी चहाआधी चालायला बाहेर पडले. उताराला गावाच्या बाजूने कालचीच बाई शेरडं घेऊन डांबरी रस्त्याकडे निघाली होती. मी ओळख काढली. "मावशी, काल मी गाडीत होते. गेटावर."

"व्हय. काच वर केलीती."

यावर काय बोलायचं ते मध्ययुगात कोणी लिहून ठेवलेलं नाही. मी तिच्याबरोबर चालायला लागले. तिचं नाव चिमाबाई, राहते वरच्या धनगरवाड्यावर. मेंढरं दिरांकडे गेली, शेरडं तिच्याकडे. फेब्रुवारीपासून ओढा आटतो, पाणी राहतं एका डोहात, आणि त्या डोहाची वाट आता फाटकाच्या आत. दिवाळीनंतर फाटक लागलं. आता पाण्यासाठी डंपरच्या रस्त्याने तासाभराचा वळसा. परवा दोन करडं चाकाखाली गेली.

"पण मावशी, जमीन विकली ना गावातल्यांनी?"

"जमीन इकली. वाट कुटं इकली?" ती थांबली. माझ्याकडे असं बघितलं की शेरडाला तरी जास्त अक्कल असेल. "जमीन आमची न्हाई, कवाच न्हवती. आमी म्हनतच न्हाई आमची हाय म्हनून. माज्या सासूच्या आदीपासनं वहिवाट हाय ती."

वहिवाट! कॉलेजात कायद्याच्या तासाला घोकलेला, सातबाऱ्याच्या भांडणांत रोज पेपरात छापून येणारा शब्द. तीस सुशिक्षित माणसं काल फळ्यापुढे बसून तो शोधत होती आणि तो फाटकाबाहेर काठी टेकून उभा होता, आत सोडत नव्हते म्हणून.

चिमाबाईने कमरेच्या पिशवीतून घडी घातलेला कागद काढला. पौडच्या तहसील कचेरीत रस्ता अडवल्याचा अर्ज दिलाय, त्याची झेरॉक्स. "सायेब म्हनतो, वाट वापरात व्हती आन आता आडवली, ह्ये डोळ्यानं बगितल्यालं मानूस आन. रिसाटवाला म्हनतो, हितनं कुनी येतच न्हाई. गावातलं कुनी सही करंना. ज्याचं त्याचं पोरगं आत झगा घालून उबं हाय."

"मी तर पाहुणी, मावशी."

"मंग? डोळं न्हाईत का पावण्याला? काल काय बगितलं त्येवडंच लिवा. खोटं काय बी लिवू नका."

मी म्हटलं, बघते. हा शब्द उच्चारताना आपण किती सभ्य वाटतो. सही म्हणजे तारीख, तारीख म्हणजे पौडला खेटे, आणि नीलूच्या साहेबांचं काय, हे सगळं मी परतीच्या दोनशे पावलांत मोजलं. मालकीवाचूनचा वापर खरा, असं लिहून देशोधडीला लागलेल्यांची गोष्ट वहीत उतरवून घेतलेली मी बाई.

शेवटच्या सत्रात हात वर केला आणि शब्द दिला. सर अक्षरशः उडाले. "ब्रिलियंट! वहिवाट!" फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहिलं, खाली दोन रेघा मारल्या. टाळ्या पडल्या.

"शब्द माझा नाही," मी म्हटलं. "काल गेटावर शेरडांसह अडवलेल्या बाईंचा आहे. आपल्यातल्या बऱ्याच जणांच्या गाड्या त्यांच्यासमोरूनच आत आल्या. जे पाहिलं ते दोन ओळींत लिहून सही हवी आहे. ज्याची झळ सगळ्यांना, वगैरे."

टाळ्या वाजवणारे हात मांड्यांखाली गेले. सॉफ्टवेअरवाले म्हणाले, "मॅडम, आपण इथे गेस्ट आहोत." एक बाई म्हणाल्या, "बकऱ्यांनी फार घाण होते हो, हायजीनचाही प्रश्न आहे." आणि सर? युरोपातल्या जाळलेल्या भिक्षूंबद्दल बोलताना ज्यांचा आवाज काल भरून आला होता ते सर? त्यांनी चष्मा पुसला. "मध्ययुगीन संकल्पना आधुनिक संदर्भाला अशी थेट लावता येत नाही. ते अभ्यासाच्या शिस्तीत बसत नाही."

शिस्तीत बसत नाही! सहाशे-सातशे वर्षांपूर्वीच्या परक्या माणसाच्या हक्कासाठी गहिवरायचं आणि दोनशे पावलांवरच्या बाईला दोन ओळी द्यायच्या नाहीत, ही शिस्त. त्या पोपबद्दल माझं मत सुधारलं. त्याने निदान समोरच्या माणसाचं म्हणणं खरं समजून त्याच्याशी भांडण केलं, त्याचा फळा करून टाळ्या वाजवल्या नाहीत.

मी वही उचलून बाहेर पडले. मागे सँडल वाजले. नीलू. "साहेब रागावणार आहेत," ती म्हणाली. "अगं, हळू चाल ना. तुझं पेन चालत नाही, माहितीये मला."

खरंच चालत नव्हतं. चिमाबाई वळसा घालून फाटकाशी परत आली होती; तिच्यासमोरच नीलूच्या पेनने, नीलूच्या गाडीच्या बॉनेटवर लिहिलं. कागद मिळाला तो कार्यशाळेतला जाड, वर रिसॉर्टचं सोनेरी राजचिन्ह छापलेला. नीलू ते फाडायला लागली, तर चिमाबाई म्हणाली, "राहू द्या की. त्यांचाच कागूद, त्यांच्याच दारातलं." तारीख, वेळ, शेरडं अंदाजे पंधरा-वीस, फाटक आमच्यासाठी उघडलं, त्यांच्यासाठी नाही. दोन सह्या. गार्ड पाठ करून उभा होता. गाडी निघाली तसं हळूच म्हणाला, "मैडम, मेरा नाम तो नहीं लिखा ना?" नव्हतं लिहिलं.

घरी येऊन आता दोन महिने झाले. मधे एकदा पौडला जाऊन आले. चांदणी चौकातून पिरंगुटमार्गे जा आणि पिरंगुटच्या कोंडीचा वेळ धरून निघा. कचेरीसमोरचा चहा दहा रुपये, गुळाएवढा गोड. रिसॉर्टच्या वकिलाने विचारलं, "त्या वाटेत तुमची काही मालकी?" मी म्हटलं, नाही, कोणाचीच नाही, म्हणून तर आले. कचेरीतल्या साहेबांनी मान वर करून बघितलं, लिहून घेतलं आणि पुढची तारीख दिली. चिमाबाई बाहेर येऊन म्हणाली, "लई बोलता तुमी. पन बरं बोलला." फाटक अजून तिथेच आहे. सर पुढच्या महिन्यात तीच कार्यशाळा पुन्हा घेत आहेत. जाहिरात आली आहे आणि तिच्यात एका सत्राचं नाव 'वहिवाट' आहे. हे वाचून माझा रक्तदाब जिथे गेला तिथून अजून उतरलेला नाही.

तर तुम्हाला जायचं असेल तर जरूर जा. खोरं देखणं आहे, सकाळी डोंगराची सावली खाचरांवरून मागे सरकते ती बघण्यासारखी. फक्त बुकिंग करू नका. रिह्यात वडाखाली गाडी लावा, चढ चालत जा, फाटकाशी उभे राहा आणि डोहाकडे जायची वाट मागा. सोडलं तर पाण्यात पाय बुडवून या. नाही सोडलं तर कोणत्या दिवशी, किती वाजता नाही सोडलं, ते तिथेच लिहा, सही करा आणि पौडच्या कचेरीत द्या. गार्डचं नाव लिहू नका. सोबत टोपी, पाण्याची बाटली आणि चालणारं पेन घ्या.