खड्ड्याला सांगता येत नाही

आमच्या गावात माणूस मेलं की आधी राजाला सांगायचं, मग जाळायचं. तेल्हाऱ्याकडच्या दुसऱ्या कुठल्या गावात ही रीत नाही. आहे म्हणणाऱ्यानं मला नेऊन दाखवावी.

राजा म्हणजे दगड. गावाबाहेर पांढरीचं टेकाड आहे, फार जुनी वस्ती बसून झालेलं. त्याच्या पायथ्याशी माझ्या छातीला लागेल असा दगड उभा होता. शेंदराची पुटं चढून चढून त्याचं तोंड कुठलं अन् पाठ कुठली, तेही ओळखू येत नव्हतं. तिरडी तिथं थांबायची. बायका तिथपर्यंत यायच्या आणि तिथूनच माघारी फिरायच्या. मग आमच्या घरचा माणूस पुढं व्हायचा, मूठभर ज्वारी दगडापाशी टाकायचा आणि मोठ्यानं म्हणायचा, "राजा, तुझं माणूस सुटलं!" मागून सगळं गाव म्हणायचं, "सुटलं!"

तो मान आमच्या घराचा. आधी बाप म्हणायचा, त्याच्या माघारी मी. चौथीच्या पुढं मी शाळा पाहिली नाही, पण ज्यांनी पाहिली त्यांचे बापही माझ्याच तोंडून सुटले.

ही रीत कुठून आली ते बाप सांगायचा. टेकाडावर राजाची गढी होती. गढीची भिंत बांधायला राजा घराघरातून माणूस वेठीला धरायचा. वेठ म्हणजे फुकटचं राबणं. एकदा धरलेला माणूस मेला तरी सुटत नसे. राजाचा शिपाई दारात येऊन हाक मारायचा, तुमचा माणूस कामावर आला नाही म्हणून. आमच्या घरची एक बाई, नवरा भिंतीखाली गेलेला, ती गढीच्या दाराशी जाऊन म्हणाली, "राजा, तुझं माणूस सुटलं." राजानं ऐकलं नाही. एकट्याचं बोलणं राजाला ऐकूच येत नसे. तेव्हा तिच्या मागून सगळं गाव ओरडलं, "सुटलं!" मग त्याला ऐकावं लागलं. तेव्हापासून एकानं म्हणायचं आणि गावानं साथ द्यायची. साथ नसेल तर म्हणणं फुकट.

साथीत मला माझ्या बायकोचा आवाज वेगळा कळायचा. मी पाठमोरा असायचो तरी. सगळ्यांचं म्हणून झालं की तिचं जरा मागून यायचं, सगळ्यांहून मोठं. घरी आल्यावर ती म्हणायची, "राजाची वेठ मेल्यावर त सुटते जी. तुमची कवा सुटन?"

मी म्हणायचो, "भाकर टाक."

"हे पाहा. शिपाई आलाच."

मग टेकाड खोदायला सरकारी माणसं आली. त्यांची मुख्य एक तरुण मॅडम होती. मी रोज खड्ड्याच्या काठावर जाऊन बसायचो आणि विचारायचो, "लागला का वाडा?"

ती म्हणायची, "वाडा नाही, बाबा. इकडं साधी घरं आहेत. चुली, फुटकी मडकी. पण तिकडं या, दाखवते."

तिकडं जाड भिंत लागली होती आणि भिंतीच्या आत धान्याची बळदं, ओळीनं. घरं सगळीकडं, पण बळदं एकाच जागी. ती म्हणाली, "साऱ्या वस्तीचं धान्य इथं येत असावं. कुणीतरी मोठा माणूस असेल. राजाच होता असं मात्र मला म्हणता येणार नाही."

"ज्याच्या हाती दाणे, त्याच्या हाती माणसं," मी म्हणालो. "मंग वाडा कायले पाहिजे?"

ती हसली आणि तिनं ते लिहून घेतलं. मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू.

पण जाताना त्यांनी दगड उचलला. टेकाड पावसात वाहून येतं, दगड कलला आहे, पडला तर फुटेल, अकोल्याला नीट राहील, असं म्हणाले. गावानं मान डोलावली. मी एकटा दगडाला पाठ लावून बसलो. जेसीबी घुरघुर करत उभा. शेवटी बायको भाकरीचं फडकं घेऊन आली.

"उठा जी. राजा काही पळून नाई चालला. अकोल्याले चालला. लेकही तिथंच हाय आपली."

लोक हसले. मी उठलो. ती होती म्हणून उठलो.

पुढल्या हिवाळ्यात, कपाशीची वेचणी चालू असताना, तिनं अंथरूण धरलं. बोंडांनी चिरलेली बोटं तिनं गोधडीवर पसरून ठेवलेली असायची. एका दुपारी मला म्हणाली, "मले नीट सुटी देजा हो. लय राबली मी. राजाले सांगाले इसरजा नोका."

"मी कधी इसरलो?"

"दुसऱ्याईचं नाई इसरत तुमी. माह्यं सांगजा."

ती गेली. दगड नेल्यावर गावातलं हे पहिलंच मरण. तिरडी नेहमीच्या जागी थांबली. तिथं खड्डा होता, त्यात गाजरगवत माजलेलं. माझ्या मुठीत ज्वारी होती. मागं गाव उभं, बायका उभ्या, लेक उभी. कुणीतरी म्हणालं, "म्हणा ना, आबा. जागा त तेच हाय."

मी म्हणालो, "खड्ड्याले काय सांगू?"

"आबा, उगीच हट नोका करू. आमी हाओ ना मागं."

मी तोंड उघडलं नाही. राजा नाही तर सांगायचं कुणाला? आजही माझं तेच म्हणणं आहे, खड्ड्याला सांगता येत नाही. जरा वेळानं लोकांनीच तिरडी उचलली. बायका माघारी फिरल्या. त्या दिवशी त्या टेकाडापाशी एवढी माणसं असून कुणी आवाज केला नाही.

ग्रामपंचायतीनं मृत्यूचा दाखला दिला. ग्रामपंचायत लिहून घेते, सोडवत नाही.

तेरवी झाली आणि मी ज्वारीची पुरचुंडी खिशात घालून अकोल्याची एसटी धरली. लेक जठारपेठेत राहते. ती म्हणाली, "थांबा बाबा, मी येतो संग."

मी म्हणालो, "तू आपल्या कामाले जाय. तुह्या मायचं मी पाहतो."

सरकारी इमारतीतल्या एका खोलीत जुन्या वस्तू मांडलेल्या होत्या. मॅडम तिथंच भेटली. तिनं मला ओळखलं, खुर्ची दिली. मी बसलो नाही. भिंतीशी उभा असलेला दगड तिनं दाखवला, पण मला तो ओळखू येईना. शेंदूर सगळा काढलेला. काळा, स्वच्छ दगड. खाली गाई कोरलेल्या, त्यांच्या वर हात उगारलेला एक माणूस, सगळ्यांत वर चंद्र-सूर्य.

"राजा कुठं गेला?" मी विचारलं.

ती हळू बोलली. "बाबा, हा राजा नाही. गावाची गुरं वाचवताना जो मेला, त्याच्यासाठी असा दगड उभा करत. टेकाडातल्या वस्तीच्या खूप नंतरचा आहे हा."

"अन् राजाचा दगड?"

"तसा काही सापडला नाही."

मी त्या गुराख्याकडं पाहत राहिलो. बापाला, आईला, भावकीला, वैऱ्यालाही मी याच्यासमोर सोडवलं होतं. यानं कुणाला काय सोडवलं असेल? हाच कुणाच्या तरी गाईंमागं मेलेला. पण माझ्या बापानं त्याला राजा म्हटलं होतं. मीही तेच म्हणणार होतो.

पुरचुंडी सोडली तशी मॅडम म्हणाली, "धान्य नका टाकू हं बाबा, किडे होतात." मी परत गाठ मारली. मग टोपी नीट केली आणि गावात म्हणतो तसं, तेवढ्याच मोठ्यानं म्हणालो, "राजा, तुझं माणूस सुटलं!"

खोलीत आवाज घुमला. मॅडम हात जोडून उभी राहिली. भल्या घरची पोर, पण तिला काय ठाऊक. मी पाठमोराच थांबलो. सवय आहे ना, मागून येतं. सगळ्यांचं झाल्यावर जरा उशिरानं एक येतं.

बाहेर रिक्षांचे हॉर्न वाजत होते.

जठारपेठेत परतलो तेव्हा लेक ओट्यापाशी कणीक मळत होती.

"सांगतलं का, बाबा?"

"सांगतलं. साथ नाई भेटली." मी पुरचुंडी ओट्यावर ठेवली. "तू म्हण. तुले येते. लहानपणी तिचा पदर धरून म्हनत होती तू. मी सांगतो, तू म्हण."

मी ताठ उभा राहिलो आणि म्हणालो, "राजा, तुझं माणूस सुटलं." आवाज मोठा निघाला नाही.

लेकीनं कणकेचे हात परातीत तसेच ठेवले.

"माय राजाच्या वेठीले नोती. मले नाई म्हनता येत, बाबा," ती म्हणाली.