फडातली एक फेरी

यात्रेला निघताना मी सगळं आदल्या दिवशीच बांधून ठेवलं होतं. वाटीभर हळद, तिळाचं तेल, जुन्या लुगड्याच्या पट्ट्या, पाणी तापवायला हंडा. आमचे हे चार वर्षांनी कुस्तीच्या फडात उतरणार होते. खरचटणार, मुरगळणार, असं मी धरूनच चालले होते.

चार वर्षांपूर्वी याच पिंपळगावच्या यात्रेत हे माझ्या सख्ख्या भावाकडून चीत झाले होते, मुद्दाम. जिंकणाऱ्याला जहागीरदार आपल्या तालमीत ठेवून घेणार होता. भावाच्या घरी चूल पेटत नव्हती. त्याने यांचे पाय धरले होते. पण लोकांच्या नजरेतून ते सुटलं नाही. पैसे खाल्ले म्हणून यांच्यावर माती फेकली. खरं काय ते भाऊ बोलला नाही, हेही बोलले नाहीत.

"कंबर जाईल तुमची," मी म्हणायची.

"जाऊ दे. तू हाय की तेल चोळाया. मला एक खरी कुस्ती पायजे. पडलो तरी चालंल, पन खरं पडाया पायजे."

वर्षभर मी म्हशीच्या दुधाचा थेंब विकला नाही.

आम्ही बायका देवळाच्या ओट्यावर बसलो होतो. यांनी अंगाला माती लावली, शड्डू ठोकला आणि हात वर करून फेरी सुरू केली. ज्याला लढायचं असेल त्याने येऊन त्या हाताला हात लावायचा, अशी तिथली रीत. ओट्याखाली एक जवान पैलवान अर्धवट उठला.

"जाऊ का, उस्ताद? बराबरीचा हाय."

"बैस! हरलास तर हरलास. जिंकलास तर लोक म्हनतील, त्यो पैशासाठी पुन्हा पडला. बिलकुल फायदा न्हाई."

तो बसला. बाकीचेही बसूनच राहिले. हलगी हळू झाली.

पंचांच्या शेजारी रेशमी फेटा बांधून माझा भाऊ बसला होता. हे त्याच्यासमोर थांबले. ऊठ, मी मनात म्हणत होते, ऊठ रे. तो स्वतःच्या गुडघ्यांकडे पाहत राहिला.

"अवो पैलवान, हात दुखंल की! खाली घ्या!" कुणीतरी ओरडलं. फड हसला. पंचांनी उठून त्या हातात मानाचा नारळ ठेवला.

देवळामागे मी पाणी तापवलं. हे दगडावर बसले. पाठीवर ओरखडा नव्हता, अंगाला घाम नव्हता. कोरडी माती एका तांब्यातच निघून गेली.

"तेल लावू?"

"कशाला? लागलंय कुठं?"

हंडा उपडा केला. हळद, तेल, पट्ट्या होत्या तशाच परत बांधल्या. गाडी जुंपली तरी हे दगडावरून उठले नव्हते.