खडसांना ओळखीचा हात

चैत्र वद्य पंचमी, शनिवार. मोखाड्याखालच्या डोहावर हजर: मी, वहिनी, पाटील, भगत आणि वाडीतली सात-आठ माणसं. दादाला जाऊन तेरा दिवस झाले होते. मी जव्हारला दरबारच्या कचेरीत कारकून. कुठंही गेलो तरी आधी हजेरी मांडतो.

या डोहात खडस आहेत. हातभर लांब, रुपयाएवढ्या खवल्यांचे, वळले की सोनेरी दिसणारे मासे. नदीत इतरत्र ते आता दिसेनासे झालेत. इथले देवाचे, म्हणून टिकले. त्यांना भात घालण्याचा मान आमच्या घराचा. घरातल्या ज्या पुरुषाच्या हातून ते खातील, त्याचा मान. कोणाच्याच हातून खाल्लं नाही, तर देव उठून गेला असं धरायचं आणि डोह मासेमारीला मोकळा.

वडील गेले तेव्हा आम्ही दोघे भाऊ पाण्यात उतरलो. मी आंघोळ करून, हात रिठ्यानं दोनदा चोळून. दादा शेतावरून तसाच, नखांत माती. माझ्या मुठीतला भात विरघळून गेला आणि त्याच्या बोटांना मासे लुचत होते.

"तुला दरबार हाय की रं," तो म्हणाला, "मला मासं ऱ्हाऊ दे!"

सगळे हसले. मीही हसलो... पण पुढची वीस वर्षं दर सुट्टीला मी त्या डोहावर गेलो. भात बदलला, वेळ बदलली, सगळं वहीत टिपलं. देवाचं काम म्हणून हात मात्र दरवेळी रिठ्यानं धुतले. दादाची चाहूल लागली की मासे काठाशी गर्दी करत. मी हात बुडवला की खोल जात. तो शेवटच्या तापात पडला होता, तेव्हाही माझ्या मनात आलं, आता तरी येतील...

त्या शनिवारी मी रिठ्याच्या पाण्यात हात घालणार, तोच वहिनींनी मनगट धरलं.

"भावजी, रिठा नको. त्यानं मासा गुंगतो, म्हनून पळतो. हितं समद्यांना ठावं हाय."

"दादालाही?"

"पयल्या दिसापासून." त्यांनी रिठ्याचं भांडं बाजूला सारलं. "मी म्हनायची, सांगा त्यांना. तर म्हनायचं, त्याला शाळा गावली, कचेरी गावली, पागोटं गावलं. माझ्याकडं तो टक लावून बघतो, ते ह्या डोहावरच. येवढं ऱ्हाऊ दे मला."

मी पाण्यात उतरलोच नाही. अंगात कसर आहे म्हणून सांगितलं. पाटलांनी वैशाखी पौर्णिमेपर्यंत मुदत दिली. ती परवा आहे.

मासे आले तर डोह वाचेल, आणि जे एकट्या दादाचं होतं ते मूठभर भातात माझं होईल. वीस वर्षं मला हेच हवं होतं. आज तीनदा डोहावर जाऊन आलो. भात घेतला होता, हात धुतले नव्हते... पाण्यात हात घालायचा तेवढा राहिला आहे.